वाचनालयाचा श्रवणकक्ष : हेडसेट जोडणीच्या नोंदी

९ जून २०२५, सोमवार

मासिकांची जुनी खोली रिकामी झाली. आज टेबलं लावली, सामान मांडलं. हाताशी काय आहे ते आधी लिहून ठेवतो, म्हणजे नंतर कोणी विचारलं तर वही दाखवता येईल.

चार डेस्कटॉप, सगळे कुठल्या ना कुठल्या कचेरीतून निवृत्त होऊन आलेले. दोघांवर विंडोज १०, दोघांवर लिनक्स मिंट ही विंडोजऐवजी चालणारी फुकट सिस्टिम. एक लॅपटॉप, तोही विंडोज १० चा. हेडसेट देणगीतून जमले आहेत, म्हणजे ज्याला जो नको होता तो त्याने दिला आहे. चार जुन्या पद्धतीचे, हिरवी आणि गुलाबी अशा दोन पिनांचे. तीन मोबाइलसोबत येतात तसले, एका पिनेचे. दोन यूएसबीचे. एक ब्लूटूथ.

खोलीत दोन कामं व्हायची आहेत. ज्यांना दिसत नाही अशा वाचकांना इथे बसून, ऐकत ऐकत संगणक वापरता यावा, हे एक. आणि स्वयंसेवकांनी पुस्तकं वाचून रेकॉर्ड करावीत, हे दुसरं. पहिल्याला कान महत्त्वाचा, दुसऱ्याला माइक. म्हणून 'सगळे एकसारखे घेऊन टाका' ही सचिवांची सूचना तूर्त बाजूला ठेवली आहे.

ग्रंथपाल मॅडमनी सकाळी एक हेडसेट लावून पाहिला. आवाज आला नाही. "काका, हा बिघडलाय," म्हणून खोक्यात परत टाकला. तोच मी लॅपटॉपला लावला तर ठणठणीत वाजला. सगळी नोकरी टेलिफोन खात्यात झाल्यामुळे याचं नवल वाटत नाही. ग्राहक सांगायचा फोन मेला, आणि फोन क्वचितच मेलेला असायचा. फॉल्ट लाईनवर कुठेतरी असायचा. लाईन मध्ये तोडायची, एक बाजू तपासायची, मग दुसरी. इथेही तसंच करणार : आधी पिन, मग सॉकेट, मग सिस्टिमने काय निवडलं आहे ते, शेवटी प्रोग्रामने काय निवडलं आहे ते. क्रम सोडायचा नाही.

१० जून, मंगळवार

वटपौर्णिमा, त्यामुळे वाचनालयात सामसूम. पिनांचं काम उरकलं.

पिनेवरच्या काळ्या कड्या मोजायच्या. दोन कड्या असतील तर धातूचे तीन भाग : टोक, रिंग आणि मागची स्लीव्ह. अशी पिन एक तर फक्त ऐकायची किंवा फक्त बोलायची. तीन कड्या असतील तर चार भाग, आणि दोन्ही कान, माइक व सगळ्यांची सामाईक वायर एकाच पिनेत. टेलिफोन एक्स्चेंजमध्ये ऑपरेटरच्या कॉर्डला हीच पिन असायची, पाव इंच जाडीची. १८७८ च्या सुमाराला टेलिफोनच्या बोर्डासाठी निघालेली ती रचना बारीक होत होत साडेतीन मिलिमीटरवर आली, पण आतली मांडणी पाहिली की जुना ओळखीचा माणूस भेटल्यासारखं वाटतं.

चार भागांच्या पिनेत एक मेख आहे. माइक कुठल्या भागावर आणि सामाईक वायर कुठल्या भागावर, याच्या दोन पद्धती आहेत. आता सगळीकडे चालते ती सीटीआयए : टोकावर डावा कान, पहिल्या रिंगवर उजवा, दुसऱ्या रिंगवर सामाईक, स्लीव्हवर माइक. जुन्या काही मोबाइलांची ओएमटीपी, तिच्यात शेवटचे दोन उलटे. चुकीच्या सॉकेटात गेलेला हेडसेट अगदी गप्प बसत नाही, म्हणून तर फसवतो. आवाज येतो पण पोकळ. गाणं लावलं तर गायक दूर कुठेतरी गेलेला आणि वाद्यंच पुढे. सामाईक वायर नीट जोडली न गेल्यामुळे दोन्ही कानांना फक्त डाव्या-उजव्यातला फरक ऐकू येतो, आणि गायकाचा आवाज दोन्हीकडे सारखाच असल्यामुळे तोच कापला जातो. ओळखायची खूण सोपी : वायरीवरचं बटण दाबून धरायचं. ते माइकची वायर सामाईकला जोडतं, आणि तेवढ्यापुरता आवाज भरून येतो. आमच्या तिघांतला एक असा निघाला. त्याला लाल दोरा बांधून वेगळा ठेवला.

बाकीच्यांना मल्टिमीटर लावून पाहिला. कानांचा रोध साधारण ३२ ओहम यायला हवा, माइकचा त्याच्या कितीतरी पट. मीटरच्या तारा टेकवताना हेडसेट कानाला धरला तर 'टक्' असा बारीक आवाज येतो. तो आला की त्या बाजूची वायर शाबूत. दोन पिनांच्या एकात डावा कान मुका आहे. वायर पिनेपाशी तुटलेली असणार, तिथेच वाकत असते.

संध्याकाळी बाजारात जाऊन वाय आकाराची जोडवायर आणली. मागताना नीट सांगावं लागतं. तशीच दिसणारी दुसरी एक मिळते, जिने एका सॉकेटातून दोघांना गाणी ऐकता येतात; ती आपल्याला नको. आपल्याला हवी तिच्या एका टोकाला चार भागांच्या पिनेचं सॉकेट आणि दुसऱ्या टोकाला दोन वेगळ्या पिना, एकीवर हेडफोनचं चित्र, दुसरीवर माइकचं. दुकानदाराने आधी पहिलीच काढून दिली होती.

१२ जून, गुरुवार

सॉकेटं. डेस्कटॉपच्या पाठीमागे तीन रंग असतात : हिरवं बाहेर जाणाऱ्या आवाजाचं, गुलाबी माइकचं, निळं टेपरेकॉर्डरसारख्या उपकरणातून आवाज आत घ्यायचं. गुलाबी आणि निळं दोन्ही आवाज आतच घेतात, पण माइक निळ्यात चालत नाही. हेडसेटमधल्या छोट्या माइकला चालायला थोडा व्होल्टेज लागतो, तो गुलाबी सॉकेट पुरवतं. टेलिफोनच्या माइकला एक्स्चेंजच्या ४८ व्होल्टच्या बॅटरीतून करंट जायचा, तेच तत्त्व, फक्त आकडा लहान.

एका पिनेचा हेडसेट जोडवायरीशिवाय हिरव्यात घातला तर बहुधा ऐकू येतं, माइक मात्र चालत नाही. लॅपटॉपला एकच सॉकेट आहे, त्यावर हेडफोन आणि माइक दोन्हींचं चित्र आहे, तिथे तो थेट चालतो.

खरा घोळ पुढच्या बाजूला. वाकून पाठीमागे पिन घालणं कोणालाच जमणार नाही, ज्याला दिसत नाही त्याला तर नाहीच. म्हणून समोरची सॉकेटं चालू हवीत. चारांपैकी दोन डेस्कटॉपची समोरची सॉकेटं मुकी. कॅबिनेट उघडले. पहिल्यात पालीची अंडी, धुळीचा थर, आणि समोरच्या सॉकेटांची वायर जोडणीविना लोंबकळत. मदरबोर्डच्या कडेला तिच्यासाठी दोन ओळींत पिनांचा गट असतो, दहाची जागा पण पिना नऊ. एक मुद्दाम गाळलेली, म्हणजे जोड उलटा बसू नये. वायरीच्या टोकाला दोन जोड होते, एकावर 'एचडी ऑडिओ', दुसऱ्यावर 'एसी ९७'. एचडीचा बसवला. ही रचना २००४ पासूनची, आणि तिच्यात पिन घातल्याचं बोर्डाला कळतं. जुन्या एसी ९७ मध्ये ते कळत नाही.

दुसऱ्या डेस्कटॉपमध्ये नेमकं तेच झालं होतं. कॅबिनेट जुनं, त्यातून एसी ९७ चीच वायर निघते, आणि बोर्ड मात्र नवा. बोर्ड वाट पाहतो की पिन घातली असं कोणीतरी सांगेल, आणि वायर काही सांगत नाही. आवाजाची चिप रियलटेक कंपनीची, तिच्या सेटिंगमध्ये 'समोरच्या पॅनेलचा शोध बंद करा' असा पर्याय आहे, तो निवडला. लगेच आवाज आला.

मॅडमच्या 'बिघडलेल्या' हेडसेटचा खटला इथे निकाली निघाला.

१६ जून, सोमवार

विंडोज. इथे वेळ जाणार हे ठाऊक होतं.

संगणकाला आवाज बाहेर काढायच्या वाटा आपल्याला वाटतात त्यापेक्षा जास्त असतात. पाठीमागचं सॉकेट, समोरचं, यूएसबी हेडसेट, ब्लूटूथ, आणि शिवाय एचडीएमआय, म्हणजे चित्र आणि आवाज दोन्ही नेणाऱ्या वायरीने जोडलेला मॉनिटर. मॉनिटरला स्पीकर असो नसो, तो यादीत येऊन बसतो. विंडोज यातली एक वाट 'डिफॉल्ट' मानते. शिवाय बोलण्यासाठी, म्हणजे व्हिडिओ कॉलसाठी, वेगळी 'डिफॉल्ट कम्युनिकेशन' वाट असते. त्यामुळे गाणं हेडसेटमध्ये आणि कॉल स्पीकरवर असा प्रकार होतो, आणि माणूस हेडसेटला दोष देतो.

नव्या सेटिंगच्या पानावर हे सगळं एका जागी दिसत नाही. विंडोजचं बटण आणि आर एकदम दाबून 'एमएमएसवायएस.सीपीएल' टाइप केलं की जुनी खिडकी उघडते, चार टॅबची : प्लेबॅक, रेकॉर्डिंग, साउंड्स, कम्युनिकेशन्स. मला तीच पसंत. प्रत्येक उपकरणापुढे हिरवी पट्टी आहे. बोललं की रेकॉर्डिंगमधली पट्टी हलते. हलली तर विंडोजपर्यंतची लाईन ठीक आहे, फॉल्ट पुढे शोधायचा. हलली नाही तर मागे. लाईन मध्ये तोडून तपासायची जागा म्हणाल तर हीच.

पट्टी हलते पण प्रोग्रामला माइक मिळत नाही, असं लॅपटॉपवर झालं. प्रायव्हसीच्या सेटिंगमध्ये माइकची परवानगी बंद होती. तिथे दोन बटणं आहेत, एक स्टोअरमधल्या अ‍ॅप्ससाठी, एक खाली डेस्कटॉप अ‍ॅप्ससाठी. खालचं कोणाच्या लक्षात येत नाही. ब्राउझरमधून बोलायचं असेल तर तो प्रत्येक संकेतस्थळासाठी पुन्हा वेगळी परवानगी मागतो, आणि एकदा घाईत 'नाही' म्हटलं की पुढे विचारतच नाही. पत्त्याच्या पट्टीशेजारच्या खुणेवर जाऊन ती बदलावी लागते.

कम्युनिकेशन्स टॅबमध्ये एक उपद्व्यापी सोय आहे. कॉल सुरू झाला असं विंडोजला वाटलं की बाकी सगळे आवाज ती ८० टक्क्यांनी खाली आणते. घरी ठीक असेल. इथे एखाद्याचा स्क्रीन वाचणारा आवाज कॉलमध्ये अचानक खाली जाईल, आणि का गेला ते त्याला दिसणार नाही. तिन्ही यंत्रांवर 'काही करू नका' निवडलं.

माइकचा आवाज बारीक येत असेल तर त्याच्या गुणधर्मांत 'मायक्रोफोन बूस्ट' आहे, १०, २०, ३० डेसिबलच्या पायऱ्यांत. दहावर थांबलो. वीसच्या वर बोलण्यापेक्षा पंखाच जास्त बोलतो.

यूएसबी हेडसेट तुलनेने सरळ. त्यांच्या वायरीतच छोटं साउंड कार्ड असतं, विंडोजकडे त्याचा ड्रायव्हर, म्हणजे ते चालवणारा प्रोग्राम, आधीपासून असतो, खोक्यातली सीडी लागत नाही. पण एक खोड आहे : आज या पोर्टात आणि उद्या शेजारच्या पोर्टात घातला, तर विंडोजला तो बहुधा नवाच हेडसेट वाटतो. नावापुढे '२-' लावून ती दुसरी नोंद करते, आणि आपण केलेली सगळी सेटिंग पहिल्या नोंदीजवळ राहतात. यावर उपाय संगणकात नाही, रंगात आहे. प्रत्येक यंत्राचं एक पोर्ट नेलपॉलिशने रंगवलं. बाटली मॅडमनी दिली. हेडसेट तिथेच.

१९ जून, गुरुवार

लिनक्स मिंटची दोन यंत्रं. ध्वनीचं पान नीटनेटकं आहे, आवाज आपसूक आला. माइक एकाचा येईना. 'अ‍ॅनालॉग स्टीरिओ आउटपुट' असं प्रोफाइल निवडलेलं होतं, म्हणजे फक्त बाहेर. 'डुप्लेक्स', म्हणजे दोन्ही दिशांचं, निवडल्यावर माइक यादीत उगवला. पाव्हूकंट्रोल नावाचा छोटा प्रोग्राम टाकून ठेवला आहे. कुठला प्रोग्राम कुठल्या वाटेने बोलतो आहे हे त्याच्यात चालू असतानाच बदलता येतं.

दुसऱ्याला टर्मिनलमध्ये, म्हणजे आज्ञा टाइप करायच्या खिडकीत, अल्सामिक्सर हा आवाजाच्या पातळ्यांचा प्रोग्राम उघडावा लागला. एफ ६ ने कार्ड निवडायचं, एफ ४ ने आत येणारा आवाज पाहायचा, पट्टीखाली 'कॅप्चर' दिसत नसेल तर तो बंद आहे, स्पेसबार दाबून उठवायचा. 'ऑटो-म्यूट मोड' चालूच ठेवला : पिन घातली की स्पीकर बंद. वाचनालय आहे, हे हवंच.

२४ जून, मंगळवार

पाऊस धो धो. आणि खिडकीजवळच्या यंत्रावर हेडसेटमध्ये गुणगुण.

आधी वायर बदलली, मग हेडसेट, मग सॉकेट. गुणगुण तशीच. कॅबिनेटच्या पत्र्याला हात लावला की तिचा सूर बदलतो आणि बोटांना झिणझिण्या येतात. त्यावरून अंदाज आला. पडताळायला लॅपटॉप तिथे आणून हेडसेट लावला. चार्जर जोडलेला असताना बारीक गुणगुण, चार्जर काढून बॅटरीवर घेतला की पूर्ण शांत. म्हणजे हेडसेटचा काही संबंध नाही, आवाज विजेच्या बाजूने येतो आहे.

टेबलामागचा एक्स्टेन्शन बोर्ड ओढून पाहिला तर त्याला दोनच पिनांची टॉप. अर्थिंग कुठे पोचतच नाही. पॉवर सप्लायमधल्या फिल्टरमुळे थोडा करंट पत्र्यावर येत असतो, तो अर्थिंगने जमिनीत जावा अशी योजना असते. अर्थिंग नसेल तर पत्रा अधांतरी राहतो आणि ५० हर्ट्झची गुणगुण माइकच्या वायरीत शिरते. कानाला त्रास होतो तो वेगळाच, पण ओल्या पायांनी आलेल्या माणसाने त्या पत्र्याला हात लावू नये हे जास्त महत्त्वाचं.

वायरमनला बोलावलं. भिंतीतल्या सॉकेटची अर्थिंगची वायरही सुटलेली निघाली. त्याने ती जोडली, मागच्या अंगणातला अर्थिंगचा खड्डा उकरून मीठ-कोळसा भरला, तीन पिनांचा बोर्ड दिला. गुणगुण गेली. सचिव म्हणाले, "हेडसेटच्या कामात खड्डा कुठून आला?" बिलावर त्यांची सही अजून व्हायची आहे.

२७ जून, शुक्रवार

ब्लूटूथ हेडसेट. समितीतल्या तरुण मंडळींचा आग्रह की वायरींचा पसारा नको, सगळेच असे घेऊ. म्हणून नीट तपासला.

जोडणं सोपं : बटण दाबून धरायचं, दिवा लुकलुकला की यादीतून निवडायचा. गाणं लावलं, आवाज सुंदर. मग माइक चालू केला आणि त्याच क्षणी आवाज चपटा झाला, ट्रंक कॉलच्या दिवसांतला. यात बिघाड काही नाही. आजच्या बहुतेक ब्लूटूथ हेडसेटांत दोन वेगळ्या रीती असतात. एटूडीपी रीतीत आवाज एकाच दिशेने जातो, स्टीरिओ आणि भरपूर खोलीचा. बोलणं दोन्ही बाजूंनी हवं असेल तर हँड्स-फ्री रीत लागते, तिच्यात आवाज एकेरी होतो आणि त्याचे नमुने सेकंदाला ८ हजार किंवा फार तर १६ हजार घेतले जातात. आठ हजार हा आमच्या डिजिटल एक्स्चेंजचाच आकडा, त्यामुळे आवाज टेलिफोनसारखा वाटला यात आश्चर्य ते काय. विंडोज १० मध्ये एकच हेडसेट 'स्टीरिओ' आणि 'हँड्स-फ्री' अशा दोन नावांनी दिसतो तो याच कारणाने. एलई ऑडिओ नावाची नवी रीत ही अडचण काढते, पण त्यासाठी हेडसेट आणि संगणक दोन्ही नवे लागतात. आमच्याकडे दोन्ही नाहीत.

तर रेकॉर्डिंगला हा बाद. ऐकायला ठेवू असं ठरवलं होतं, पण पुढची नोंद पाहा.

१ जुलै, मंगळवार

आज आमचे पहिले वाचक आले. निवृत्त संगीत शिक्षक, नजर गेली त्याला बरीच वर्षं झाली. घरी संगणक वापरतात, त्यामुळे मला शिकवायचं काही नव्हतंच, उलट शिकायचं होतं.

यंत्रावर एनव्हीडीए टाकलेलं आहे. पडद्यावरचं वाचून दाखवणारा हा प्रोग्राम ऑस्ट्रेलियात मायकेल करन यांनी २००६ मध्ये सुरू केला, पुढे जेम्स तेह जोडीला आले; दोघेही अंध. फुकट आहे, आणि त्याच्यासोबत येणारा ईस्पीक हा आवाज मराठीही बोलतो. यांत्रिक बोलतो. मी म्हटलं, "सर, हा आवाज तुमच्या कानाला सोसवतो का?" ते म्हणाले, "गाणं ऐकायचं असेल तर नाही. पण मला तो किती वेगात बोलतो ते हवंय." आणि वेग एवढा वाढवला की मला एक अक्षर कळेना.

मी मोठ्या हौसेने ब्लूटूथ दिला, वायर पायात येऊ नये म्हणून. थोड्या वेळात त्यांनी उतरवून ठेवला. "हा पहिलं अक्षर खातो. आणि बटण दाबल्यावर उत्तर उशिरा देतो." दोन्ही खरं. मध्ये शांतता झाली की हेडसेट वीज वाचवायला डुलकी घेतो, उठेपर्यंत शब्दाचा आरंभ निघून गेलेला असतो. शिवाय आवाज हवेतून जाताना सेकंदाचा काही अंश उशीर होतोच. पाहणाऱ्या माणसाला तो जाणवत नाही, कारण अक्षर डोळ्यांसमोर उमटलेलं असतं. सरांसाठी आवाज हाच पडदा आहे.

मग यूएसबीचा दिला. दोन्ही कान झाकणारा, भरपूर गादीचा, आमच्याकडचा सगळ्यात महागडा. तो त्यांनी डाव्या कानावरून मागे सरकवला. "दोन्ही कान बुजवले तर खोलीत कोण आलं ते कसं कळणार? एका कानाचा नाही का तुमच्याकडे?" कॉल सेंटरमध्ये वापरतात तसा एका कानाचा यूएसबी हेडसेट मिळतो, आणि स्वस्त असतो. खरेदीच्या यादीत सगळ्यात वर तो. एकाच कानाने ऐकायचं तर आवाज मोनो, म्हणजे दोन्ही बाजूंचा मिळून एक, करायला हवा, नाही तर दुसऱ्या बाजूचं हरवतं. विंडोज १० च्या 'ईज ऑफ अ‍ॅक्सेस'मध्ये त्याचं बटण आहे, ते चालू केलं.

दुपारी लाईट गेली. आली तेव्हा यंत्र सुरू झालं, पण आवाज नाही. पडद्यावर सगळं ठीक दिसत होतं. विंडोजने आवाज एचडीएमआयच्या वाटेने मॉनिटरकडे पाठवला होता, आणि मॉनिटरला स्पीकर नाही. मला यादी दिसत होती म्हणून काम मिनिटभराचं. सरांना एकटं असताना हे झालं असतं तर त्यांच्यापुढे यंत्र पूर्ण बंद, आणि ते बंद का आहे हे सांगणारा आवाजच गेलेला. सगळ्या यंत्रांवर प्लेबॅकच्या यादीत मॉनिटरची वाट 'डिसेबल' केली. एनव्हीडीएच्या स्वतःच्या सेटिंगमध्येही आवाजाचं उपकरण निवडता येतं, तिथे हेडसेटचं नाव घालता आलं असतं. पण मग हेडसेट निघाला की काय, असा प्रश्न येतो. तिथे डिफॉल्टच ठेवलं, आणि डिफॉल्टच्या वाटा कमी केल्या. एनव्हीडीए मध्येच बंद पडलं तर कंट्रोल, ऑल्ट आणि एन एकदम दाबले की ते पुन्हा सुरू होतं. हे सरांना माहीत होतं, मला नव्हतं.

हिरवी पिन आणि गुलाबी पिन हा भेद त्यांच्या उपयोगाचा नाही. माइकच्या पिनेला प्रत्येक हेडसेटवर दोऱ्याची गाठ मारली. समोरच्या सॉकेटांत माइकच्या सॉकेटाखाली फेविकॉलचा ठिपका वाळवून उंचवटा केला.

८ जुलै, मंगळवार

आषाढीनंतर खोली पुन्हा उघडली. रेकॉर्डिंगची तालीम.

काय वाचायचं हे मॅडमनी ठरवलं आहे. लेखकाच्या निधनानंतर ६० वर्षं उलटली असतील तर आपल्याकडे कॉपीराइट संपतो. म्हणजे १९६४ अखेरपर्यंत गेलेल्या लेखकांचं साहित्य यंदा खुलं. आणि ज्यांना छापील वाचता येत नाही त्यांच्यासाठी ऐकण्याजोगी प्रत करायला २०१२ च्या दुरुस्तीने कायद्यात वेगळी मुभाही आहे.

ऑडासिटी हा प्रोग्राम वापरतो आहोत. तो सुरू असताना हेडसेट जोडला तर यादीत दिसत नाही. आधी हेडसेट, मग ऑडासिटी, किंवा मेनूतून उपकरणांचा शोध पुन्हा घ्यायला लावायचा. एकाच माणसाचं वाचन आहे तेव्हा मोनो पुरे, ४४१०० हर्ट्झ. पातळीची पट्टी उणे १२ ते उणे ६ डेसिबलच्या दरम्यान नाचावी. शून्याला टेकली की आवाज फाटतो आणि फाटलेला मागाहून शिवता येत नाही.

कॉलेजातली एक मुलगी वाचायला आली. आवाज गोड, पण प्रत्येक 'भ' आणि 'फ' ला माइकमध्ये फुंकर. मराठीत महाप्राण पावलोपावली. माइक ओठांसमोर ठेवला की तो त्या श्वासाच्या वाटेत येतो. तो ओठांच्या कोपऱ्यापाशी, दोन बोटं अंतरावर, किंचित खाली घेतला. 'भाऊ फाटकापाशी थांबला' हे वाक्य म्हणायला लावलं आणि फुंकर जाईपर्यंत दांडी सरकवत राहिलो.

तिची दुसरी तक्रार अशी की कान झाकल्यावर स्वतःचा आवाज डोक्यात घुमतो, म्हणून ती नकळत मोठ्याने वाचते. टेलिफोनमध्ये बोलणाऱ्याला स्वतःचा आवाज थोडासा परत ऐकवायची सोय मुद्दाम केलेली असायची, साइडटोन म्हणत. दोन यूएसबी हेडसेटांपैकी एकात ती आहे, गुणधर्मांत माइकची वेगळी पट्टी दिसते. विंडोजमधला 'या उपकरणाला ऐका' हा पर्याय त्याची जागा घेत नाही; त्यात आवाज उशिरा परततो आणि वाचणारा अडखळतो. तिला साइडटोनचा हेडसेट दिला, आवाज आपोआप खाली आला.

पत्र्यावर पाऊस मात्र आवरत नाही. रेकॉर्डिंग सकाळच्या उघडिपीत, पंखा बंद करून. यावर तांत्रिक उपाय सुचवणारे बरेच भेटले, छत बदलून देणारा कोणी नाही.

१५ जुलै, मंगळवार

दुरुस्ती आणि निगा.

मुका कान उघडला. हेडसेटच्या आतल्या तारा केसासारख्या बारीक आणि तांबड्या-हिरव्या रंगाच्या असतात. तो रंग म्हणजे लाखेचं आवरण. ते जाळल्याशिवाय डाग धरत नाही. तापलेल्या सोल्डरिंग आयर्नच्या टोकावर सोल्डरचा थेंब घेऊन तार त्यात थोडी धरली की लाख जळते आणि तार चंदेरी होते. मग नवी पिन. वायर पिनेच्या मुळाशी वाकू नये म्हणून तिथे नळी बसवली.

दमट हवेने दोन हेडसेटांच्या गाद्यांचं रेक्झिन सोललं आहे, काळे कपटे कानाला चिकटतात. मॅडमनी सुती कापडाच्या इलॅस्टिकवाल्या खोळी शिवून घेतल्या. प्रत्येक वाचकाची खोळ वेगळी, धुऊन ठेवायची. पिनांवर हिरवट थर आला होता, तो आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसला.

आवाज किती मोठा असावा यावर मुलांशी वाद झाला. जागतिक आरोग्य संघटनेचा आकडा मोठ्या माणसांसाठी आठवड्याला ४० तास ८० डेसिबल, मुलांसाठी ७५. आमच्याकडे डेसिबल मोजायचं यंत्र नाही, त्यामुळे विंडोजची पट्टी पन्नासच्या खाली आणि शेजारी बसलेल्याला हेडसेटमधलं ऐकू येता कामा नये, एवढंच भिंतीवर लिहिलं.

२८ जुलै, सोमवार

उरलेली कामं. एका कानाचे दोन यूएसबी हेडसेट मागवले, अजून आलेले नाहीत. ब्लूटूथ सचिवांच्या टेबलावर दिला, ते बैठकांना वापरतात आणि खूश आहेत.

विंडोज १० ची नेहमीची सुरक्षा-दुरुस्ती १४ ऑक्टोबर २०२५ ला थांबणार. ही यंत्रं विंडोज ११ घेत नाहीत. लिनक्स मिंट टाकायचं तर पडदा वाचायला तिथे ऑर्का आहे, मराठीचा ईस्पीक तोच. पण कळा वेगळ्या, आणि सरांची बोटं एनव्हीडीएला सरावलेली. त्यांना मिंटच्या यंत्रावर बसवून विचारलं. तासभर वापरून म्हणाले, "येईल. पण एक यंत्र जुनंच ठेवा, नेटची वायर काढून." तसंच करतो आहोत. खिडकीजवळचं.

वायरमनचा आज पुन्हा फोन आला. बिल गुरुवारच्या बैठकीत ठेवलं आहे.